पुरवणीचा थर: एका जुन्या शर्यतीच्या गेमकडे इतिहासाचे साधन म्हणून पाहताना (दीर्घ धागा)

१/
इतिहासाचे साधन म्हटले की ताम्रपट, शिलालेख, बखरी, मोडी कागद डोळ्यांसमोर येतात. आजचा धागा अशा एका वस्तूविषयी आहे, जिला अजून फारसे कोणी साधन म्हणत नाही: २००८ सालच्या एका मोटार शर्यतीच्या व्हिडिओ गेमला पाच महिन्यांनी जोडलेली पुरवणी. माझे मत आरंभीच मांडतो. आपल्या पिढीच्या करमणुकीच्या इतिहासात या पुरवण्या हा अतिशय बोलका थर आहे, आणि तोच सर्वांत आधी नाहीसा होत आहे. त्याला वाळवी लागलेली नाही. त्याला करारांची मुदत लागली आहे.

२/
प्रथम संज्ञा स्पष्ट करू. 'डाउनलोडेबल कंटेंट', म्हणजे खेळणाऱ्यांच्या बोलीतील 'डीएलसी', हा मूळ गेम घेतल्यानंतर इंटरनेटवरून वेगळा उतरवून घ्यायचा भाग होय. त्यात नव्या गाड्या असतात, नवे रस्ते, नव्या शर्यती, क्वचित नवे कथानकही. दुकानातून आणलेली डिस्क तशीच राहते; भर पडते ती यंत्रातील हार्ड डिस्कवर. मी याला 'पुरवणी' म्हणणार आहे. मराठेशाहीतील पत्रव्यवहार वाचणाऱ्यांना हा शब्द परका नाही. मुख्य पत्रासोबत जाणाऱ्या जोडपत्राला पुरवणी म्हणत, आणि महत्त्वाचा मजकूर पुष्कळदा तिच्यातच सापडतो.

३/
आता गेम. 'मिडनाइट क्लब: लॉस एंजेलिस' हा गेम रॉकस्टार सॅन दिएगो या स्टुडिओने तयार केला आणि तो ऑक्टोबर २००८ मध्ये प्लेस्टेशन ३ व एक्सबॉक्स ३६० या यंत्रांसाठी आला. विषय साधा: शहराच्या रस्त्यांवर, चालू रहदारीतून, पोलिसांना चुकवत लावलेल्या बेकायदा शर्यती. ठरलेला ट्रॅक नाही. सारे शहर मोकळे, वाट आपण निवडायची. त्या शहरात हॉलीवूड होते, बेव्हर्ली हिल्स होते, सांता मोनिकाचा समुद्रकिनारा होता, डाउनटाउनच्या गगनचुंबी इमारती होत्या.

४/
मार्च २००९ मध्ये या गेमला पुरवणी आली. तिचे नाव 'साउथ सेंट्रल'. तिचे दोन भाग होते. नकाशाचा विस्तार, म्हणजे शहराचा एक नवा भूभाग, मोफत होता. 'प्रीमियम अपग्रेड' नावाचा भाग, ज्यात नव्या गाड्या व शर्यती होत्या, तो पैसे मोजून घ्यायचा होता. ऑक्टोबर २००९ मध्ये मूळ गेम आणि पुरवण्या एकत्र करून 'कम्प्लीट एडिशन' ही नवी डिस्क बाजारात आली. म्हणजे एका वर्षाच्या आत एकाच गेमचे तीन पाठ सिद्ध झाले: नुसती डिस्क, डिस्क आणि पुरवणी, आणि एकत्रित आवृत्ती.

५/
ज्या वस्तीला पुरवणी म्हणून आणले गेले, तिचा इतिहास थोडक्यात पाहू. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात लॉस एंजेलिसमध्ये घरांच्या खरेदीखतांतच अटी घातल्या जात: हे घर कृष्णवर्णीयांना विकता येणार नाही. अशा अटींमुळे शहराचा बहुतांश भाग त्यांना बंद होता, आणि सेंट्रल ॲव्हेन्यूच्या आसपासच्या पट्ट्यात त्यांची वस्ती दाटत गेली. १९४८ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने अशा अटींची न्यायालयांमार्फत अंमलबजावणी करता येणार नाही असा निर्णय दिला. पण तोवर शहराचा नकाशा घडून गेला होता.

६/
ऑगस्ट १९६५ मध्ये याच दक्षिण भागातील वॉट्स वस्तीत सहा दिवस उद्रेक चालला. ३४ माणसे मेली. एप्रिल १९९२ मध्ये रॉडनी किंग या कृष्णवर्णीय माणसाला मारहाण करणाऱ्या पोलिसांची न्यायालयात सुटका झाली आणि शहर पुन्हा पेटले. ५० हून अधिक माणसे प्राणास मुकली. त्यानंतर 'साउथ सेंट्रल' हे नाव जणू हिंसेचा पर्याय बनले. हा कलंक पुसण्यासाठी २००३ मध्ये नगर परिषदेने अधिकृत वापरातील नाव बदलून 'साउथ लॉस एंजेलिस' केले.

७/
आता तारखा शेजारी ठेवा. २००३ मध्ये शहराने नाव टाकले. २००८ मध्ये गेमच्या मूळ नकाशात तो भाग नव्हता. २००९ मध्ये तो आला, आणि आला तो टाकलेल्या नावानेच. इतिहासाच्या विद्यार्थ्याने येथे थांबायला हवे. एका शहराची प्रतिमा घडवताना कोणता भाग 'शहर' म्हणून आधी दिला जातो आणि कोणता 'अधिक' म्हणून मागाहून, हा प्रश्न येथे तारखांसह उपलब्ध आहे. नुसती मूळ डिस्क पाहणाऱ्याला तो भाग दिसणार नाही. नुसती एकत्रित आवृत्ती पाहणाऱ्याला तो मागाहून आला हे कळणार नाही. प्रश्न उभा राहतो तो पुरवणी वेगळी वाचल्यावरच.

८/
येथे सावधगिरीही हवी. या क्रमावरून निर्मात्यांच्या मनातील हेतू सिद्ध होत नाही. त्या काळी पुरवण्यांमागे स्वच्छ व्यापारी कारणे होती. खेळून झालेली डिस्क माणूस जुन्या बाजारात विकून टाकी, आणि त्या फेरविक्रीतून प्रकाशकाला काहीच मिळत नसे. गेमला काही महिन्यांनी नवा भाग येणार असेल तर डिस्क घरी राहते. याच चिंतेतून इलेक्ट्रॉनिक आर्ट्स या कंपनीने २०१० मध्ये 'ऑनलाइन पास' योजना आणली: जुनी डिस्क घेणाऱ्याने ऑनलाइन खेळण्यासाठी वेगळे पैसे मोजावेत. नकाशा मोफत आणि गाड्या सशुल्क, ही विभागणीही याच चौकटीत समजते. सर्व खेळाडू एकत्र खेळायचे तर नकाशा सर्वांकडे हवा.

९/
तरीही व्यापारी कारण सापडले म्हणजे सांस्कृतिक अर्थ संपला असे होत नाही. शिलालेखातील दान करमुक्तीसाठी दिले होते असे कळले, तरी त्या लेखातील गावांची, देवतांची, जातींची नावे साधन म्हणून उरतातच. गेमच्या पुरवणीतही दोन्ही वाचायचे असते: २००९ चा बाजार कसा चालत होता, आणि त्या बाजाराला कोणते शहर विकाऊ वाटत होते.

१०/
मी हा गेम अलीकडे पुन्हा खेळलो तो एका मित्राच्या जुन्या प्लेस्टेशन ३ वर, कम्प्लीट एडिशनच्या डिस्कवरून. हॉलीवूडच्या उतारावरून गाडी दक्षिणेकडे निघते, इमारतींची उंची घटते, बैठी घरे आणि लांब सरळ रस्ते सुरू होतात. खेळ म्हणून अनुभव उत्तम आहे. रस्ते रुंद असल्याने वेग टिकतो. पण हा भाग नंतर जोडला आहे हे सांगणारी एकही खूण त्या रस्त्यांवर नाही. सांधा बेमालूम आहे. खेळणाऱ्याला ते सुखाचे. अभ्यासकाला मात्र त्यामुळे हात टेकावे लागतात.

११/
मी औंढा नागनाथचा. आमच्या गावातील मंदिरात सांधा लपलेला नाही. खालचा भाग यादवकाळातील मानला जातो: काळसर दगड, कोनाकोनांनी मोडत जाणाऱ्या भिंती, मूर्तींचे थरावर थर. वरचा भाग उत्तरकालीन: चुन्याचा, पांढरा, कोरीवकामाविना. विध्वंसानंतरच्या या पुनर्बांधणीचे श्रेय परंपरा अहिल्याबाई होळकरांना देते. मंदिराकडे पाहणारा कोणीही, एक अक्षर न वाचता, सांगू शकतो की ही वास्तू एका काळाची नाही. विध्वंस आणि जीर्णोद्धार या दोन्ही घटना त्या एका रेषेत नोंदल्या आहेत.

१२/
कल्पना करा, कोणी वरचा पांढरा भाग 'मूळचा नाही' म्हणून उतरवला असता, किंवा खालच्या भागालाही चुना फासून सारे एकसारखे केले असते. दोन्ही कृत्यांनी मंदिर अधिक 'शुद्ध' किंवा अधिक 'पूर्ण' दिसले असते, आणि दोन्ही कृत्यांनी सुमारे पाच शतकांचा इतिहास पुसला गेला असता. नुसत्या मूळ गेमला खरा मानणारे पहिली चूक करतात. एकत्रित आवृत्ती हाती आली म्हणजे सारे जपले गेले असे समजणारे दुसरी.

१३/
पुरवणीचे काय करायचे, हा प्रश्न मराठी विद्येला नवा नाही. ज्ञानेश्वरीच्या पाठात तीन शतकांत भर पडत गेली होती. संत एकनाथांनी शके १५०६ मध्ये, म्हणजे इ.स. १५८४ च्या सुमारास, प्रती ताडून पाठ शुद्ध केला आणि यापुढे कोणी त्यात भर घालू नये असा इशारा दिला. भक्तीच्या आणि पाठाच्या दृष्टीने ते थोर कार्य होते. पण त्यांनी वगळलेले सर्व काही आज आपल्या हाती असते, तर त्या तीन शतकांत लोक ज्ञानेश्वरी कशी वाचत होते हेही कळले असते.

१४/
पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीत दुसरा मार्ग धरला. १९१९ मध्ये हाती घेतलेले हे काम १९६६ मध्ये पूर्ण झाले, वि. स. सुकथनकर हे त्याचे पहिल्या पर्वातील प्रमुख संपादक. बाराशेहून अधिक हस्तलिखिते ताडून संपादकांनी सर्वांत जुना ठरणारा पाठ वर छापला. मात्र नंतरची भर त्यांनी फेकली नाही. छोटे श्लोक तारांकित करून तळटीपांत दिले, मोठे प्रसंग परिशिष्टांत दिले, आणि कोणता प्रसंग कोणत्या प्रतींत आहे तेही नोंदवले.

१५/
माझ्या मते हीच पद्धत गेमना लागू पडते. मूळ पाठ, पुरवण्या, दुरुस्त्या, एकत्रित आवृत्ती: प्रत्येक वेगळी जपायची, प्रत्येकीवर तारीख टाकायची. 'कम्प्लीट एडिशन' आली म्हणून मूळ डिस्क निरुपयोगी होत नाही. आणि डिस्क कपाटात आहे म्हणून पुरवणी जपली गेली असेही नाही. पण भांडारकर मंदिराच्या पंडितांना एक सोय होती, जी आपल्याला नाही. हस्तलिखित वाचण्यासाठी त्याच्या लेखकाच्या वारसांचे यंत्र चालू असावे लागत नव्हते.

१६/
या अडचणीलाही आपल्याकडे एक पूर्वज आहे. महानुभाव पंथाने आपले ग्रंथ सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत लिहून ठेवले. पोथ्या मठांत सुखरूप होत्या, पण किल्ली पंथाबाहेर नव्हती. त्यामुळे मराठीतील आद्य गद्याचा हा ठेवा शतकानुशतके बाहेरच्या वाचकाला असूनही नसल्यासारखा होता. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकांत वि. का. राजवाडे, वि. ल. भावे यांच्यासारख्या संशोधकांमुळे तो उघड झाला. वस्तू असणे आणि ती वाचता येणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, एवढे यावरून ध्यानात ठेवा.

१७/
आता २०१४ सालचा 'द क्रू' हा गेम पाहा. युबीसॉफ्ट या कंपनीचा हा शर्यतीचा गेम. त्यात अख्ख्या अमेरिकेचा आटोपशीर नकाशा होता. त्याला २०१५ मध्ये 'वाइल्ड रन' आणि २०१६ मध्ये 'कॉलिंग ऑल युनिट्स' अशा दोन मोठ्या पुरवण्या आल्या. दुसरीत खेळाडूला पोलीस होता येई. एकट्याने खेळतानाही हा गेम कंपनीच्या सर्व्हरशी जोडलेला असावा लागे. डिसेंबर २०२३ मध्ये विक्री थांबली आणि ३१ मार्च २०२४ रोजी सर्व्हर बंद झाला. त्या दिवसापासून डिस्क हाती असूनही गेम चालत नाही. पोथी आहे, किल्ली नष्ट झाली.

१८/
हा अपवाद मानू नका. 'नीड फॉर स्पीड' मालिकेतील कार्बन, अंडरकव्हर, शिफ्ट, शिफ्ट २ अनलीश्ड आणि द रन हे पाच गेम ३१ मे २०२१ रोजी डिजिटल दुकानांतून काढले गेले. त्यांच्या ऑनलाइन सेवा त्याच वर्षी ३१ ऑगस्टला संपल्या. एक्सबॉक्स ३६० या यंत्रावरील दुकान २९ जुलै २०२४ रोजी बंद झाले. प्लेस्टेशन ३ चे दुकान बंद करण्याची घोषणा सोनीने मार्च २०२१ मध्ये केली होती. ग्राहकांचा रोष पाहून एप्रिलमध्ये ती मागे घेतली. म्हणजे एका पिढीच्या पुरवण्यांचे भांडार एका निर्णयावर टांगलेले होते.

१९/
शर्यतीचे गेम इतरांपेक्षा लवकर का जातात, याचे कारण त्यांच्या आशयातच आहे. त्यांतील गाड्या खऱ्या कंपन्यांच्या असतात, गाणी खऱ्या गायकांची असतात, कधी रस्त्यावरील फलकही खऱ्या वस्तूंचे असतात. या प्रत्येकासाठी मुदतीचा परवाना घ्यावा लागतो. मुदत संपली की गेम विकता येत नाही, आणि नूतनीकरणाचा खर्च जुन्या गेमच्या विक्रीतून निघत नाही. गंमत अशी की ज्या खऱ्या गाड्या आणि खऱ्या गाण्यांमुळे हा गेम त्या काळाचा अस्सल दस्तऐवज ठरतो, त्याच त्याला बाजारातून उठवतात.

२०/
डिस्कची फेरविक्री तरी होते. पुरवणीची तीही होत नाही. ती कोणाच्या कपाटात सापडत नाही, रद्दीत येत नाही, वारशात मिळत नाही. राजवाड्यांना वाड्यांच्या माळ्यांवर आणि वाण्यांच्या दुकानांत दप्तरे सापडली, कारण कागद मालकाच्या दुर्लक्षातही टिकून राहतो. येथे दुर्लक्ष म्हणजे थेट नाश. शिवाय आपण जे विकत घेतले ते घेतलेच नव्हते, तो केवळ वापराचा परवाना होता. हे ग्राहकाला स्पष्ट सांगावे असा कायदा कॅलिफोर्नियाने केला आणि तो १ जानेवारी २०२५ पासून लागू झाला.

२१/
प्रमाण किती? व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या संस्थेने जुलै २०२३ मध्ये एक अभ्यास प्रसिद्ध केला. त्यानुसार अमेरिकेत २०१० पूर्वी प्रकाशित झालेल्या गेमपैकी ८७ टक्के आज रीतसर विकत मिळत नाहीत. मूळ गेमची ही स्थिती असेल, तर त्याला मागाहून चिकटवलेल्या भागांची काय असेल याची कल्पना करता येते.

२२/
येथे कोणी म्हणेल: हे सगळे अमेरिकेचे, हिंगोली जिल्ह्यातील माणसाला याचे काय? मला वाटते, फार काही. आमच्या भागात सायबर कॅफेत, संगणक क्लासच्या मागच्या खोलीत, शर्यतीचा गेम म्हणजे २००५ चा 'नीड फॉर स्पीड: मोस्ट वाँटेड'. त्याच्या 'ब्लॅक एडिशन'मध्ये अधिक गाड्या व शर्यती होत्या. आमच्यापर्यंत मात्र पुष्कळदा पोहोचे ती 'रिप': आकार कमी करण्यासाठी चित्रफिती आणि गाणी कापलेली चोरटी प्रत, पेन ड्राइव्हवरून पसरणारी. जगात गेमला पुरवण्या जोडल्या जात होत्या, तेव्हा मराठवाड्यात त्याच गेमची काटछाट फिरत होती.

२३/
हाही एक पाठभेदच आहे, आणि तो फक्त आपल्याकडचा. कोणत्याही कंपनीच्या नोंदीत ही कापलेली प्रत असणार नाही. परदेशातील कोणतेही संग्रहालय ती जपणार नाही. गेममध्ये भारतीय गाड्या बसवणारे हौशी 'मॉड' त्या पेन ड्राइव्हमधून फिरत. ती आपल्या लोकांनी परक्या शहराला जोडलेली पुरवणी होती. वीज, इंटरनेटचा वेग, क्रेडिट कार्ड नसणे, तासाचे भाडे, संगणकाची क्षमता: एका पिढीच्या आर्थिक इतिहासाचे सारे धागे त्या कापलेल्या फाइलमध्ये आहेत. ती नोंदवणारा कोणी नसेल, तर तो इतिहास आपल्या स्मरणाबरोबर संपेल.

२४/
'एवढ्याशा खेळाचे काय जपायचे?' हा आक्षेप जुना आहे. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी गिरगावात प्रदर्शित झाला. त्यानंतरच्या दोन दशकांत भारतात शेकडो मूकपट बनले आणि त्यांतील बहुतांश नष्ट झाले. तेही हलकी करमणूकच मानले जात. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ मध्ये, म्हणजे अर्धशतक उलटल्यावर. पी. के. नायर यांनी जे मिळाले ते जिवापाड जमवले. पण जे तोवर वितळले वा जळले होते, ते त्यांनाही आणता आले नाही. खुद्द 'राजा हरिश्चंद्र'ही पूर्ण उपलब्ध नाही.

२५/
दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे: कंपन्यांनी तोट्यातील सर्व्हर कायम का चालवावेत? चालवू नयेत. कोणी शहाणा माणूस ती मागणी करत नाही. मागणी एवढीच की सेवा बंद करताना गेम सर्व्हरविना चालेल अशी शेवटची दुरुस्ती द्यावी. 'स्टॉप किलिंग गेम्स' ही चळवळ 'द क्रू' बंद पडल्यावर याच मुद्द्यावर उभी राहिली, आणि युरोपीय नागरिक पुढाकाराच्या तिच्या अर्जावर जुलै २०२५ पर्यंत १० लाखांहून अधिक सह्या झाल्या. खुद्द युबीसॉफ्टने सप्टेंबर २०२४ मध्ये 'द क्रू २' साठी ऑफलाइन सोय देण्याचे जाहीर केले. म्हणजे हे तंत्रदृष्ट्या अशक्य नाही. इच्छेचा प्रश्न आहे.

२६/
तिसरा आक्षेप खेळणाऱ्यांचाच: 'चोरट्या प्रती आहेत ना, काही हरवत नाही.' हे अर्धसत्य आहे. अशा प्रतींनी पुष्कळ वाचवले, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण त्यांत कोणती दुरुस्ती कधीची, कोणी काय कापले, काय जोडले, याची नोंद नसते. तारीख आणि उगम नसलेला कागद जितका विश्वासार्ह, तितकीच ती प्रत. शिवाय ऑनलाइन भाग, म्हणजे इतर माणसांसोबत खेळलेला खेळ, कोणत्याच प्रतीत सामावत नाही. त्याच्यासाठी चित्रफिती आणि खेळणाऱ्यांच्या आठवणीच साधन ठरतात.

२७/
आपल्या देशात १९५४ चा एक केंद्रीय कायदा आहे: प्रत्येक प्रकाशकाने आपल्या पुस्तकाची प्रत कोलकात्याचे राष्ट्रीय ग्रंथालय आणि मुंबई, चेन्नई, दिल्ली येथील ग्रंथालयांना द्यावी; दोन वर्षांनी वृत्तपत्रेही त्यात आली. गावोगावचे छोटे मराठी प्रकाशनही त्यामुळे कोठेतरी जपले जाण्याची शक्यता निर्माण झाली. भारतात बनणाऱ्या गेमसाठी, त्यांच्या पुरवण्या व दुरुस्त्यांसह, अशी तरतूद व्हावी असे मला ठामपणे वाटते. प्रत कुलूपबंद राहिली तरी चालेल, अभ्यासकालाच पाहता आली तरी चालेल. पण ती असावी, आणि किल्लीसह असावी.

२८/
कायदा होईल तेव्हा होईल. तोवर हे काम आपल्या हातचे आहे. तुमच्याकडे जुनी डिस्क असेल तर खोका, पाठची बाजू, किमतीची चिकटपट्टी यांचे छायाचित्र घ्या. गेम चालू केल्यावर कोपऱ्यात दिसणारा आवृत्तीचा क्रमांक लिहून ठेवा. विकत घेतलेल्या पुरवणीची पावती ईमेलमध्ये असेल तर ती जपा. तारीख आणि किंमत या दोन गोष्टी पुढे कोठेही मिळणार नाहीत. जुना यंत्रसंच भंगारात देण्यापूर्वी त्याच्या हार्ड डिस्कवर काय उतरवलेले आहे त्याची यादी करा.

२९/
आणि माणसांना विचारा. तुमच्या तालुक्याच्या गावी पहिले सायबर कॅफे कोणी, कोणत्या साली काढले? तासाला किती घेत? संगणकांवर कोणते गेम होते, ते कोठून आणले, कोणती गाडी सर्वांना हवी असे? ती माणसे आज पन्नाशीत आहेत, बहुतेकांनी धंदा बदलला आहे, आणि त्यांना आजवर कोणी हा प्रश्न विचारलेला नाही. मौखिक इतिहासाची पद्धत आपण वर्गात शिकतो. ती येथे वापरायला कोणाच्या परवानगीची गरज नाही. विचारताना सांगणाऱ्याची संमती घ्या आणि नाव द्यायचे की नाही ते त्यालाच ठरवू द्या.

३०/
या धाग्याखाली एवढेच लिहा: गाव वा तालुका, साल, गेमचे नाव, प्रत कोणती (डिस्क, 'रिप', पेन ड्राइव्ह, विकत घेतलेली), आणि तिच्यात काय कमी वा काय अधिक होते. मी ही उत्तरे तालुकावार लावून पुढील धाग्यात देईन. हिंगोली, परभणी आणि नांदेडकडच्या वाचकांनी आळस करू नये. आपल्या भागाची पाने सर्वांत कोरी आहेत.